वही हरवली तर?

आईला माझं काम समजावून सांगायचा मी तीन वर्षं प्रयत्न करतेय. डेटा इंजिनिअर म्हटलं की ती "बरं" म्हणते आणि "जेवलीस का" विचारते. शेवटी गेल्या महिन्यात कंटाळून सांगितलं, "अगं, लोकांची माहिती पुसायचं काम करते मी." तर म्हणते कशी, "पुसायलाच जायचं होतं तर इथे काय फरशी कमी होती?"

आता यावर काय बोलणार! पण मी सांगितलं ते खरंच होतं. फ्रँकफर्टमधल्या ज्या कंपनीत मी आहे ती ऑनलाइन वस्तू विकते. एखाद्या ग्राहकाने कळवलं की 'माझी माहिती काढून टाका', तर ती खरोखर निघाली की नाही हे बघणारा जो प्रोग्राम आहे, तो आम्ही चौघं सांभाळतो. युरोपात २५ मे २०१८ पासून जीडीपीआर नावाचा कायदा लागू आहे, त्याच्या १७व्या कलमाने ग्राहकाला हा हक्क दिलाय. साधारण एका महिन्यात उत्तर द्यावं लागतं. नाहीतर दंड, आणि तोही जबरदस्त. कमाल मर्यादा दोन कोटी युरो किंवा जगभरच्या वार्षिक उलाढालीच्या चार टक्के, यातलं जे जास्त असेल ते.

बाहेरून वाटतं, त्यात काय, एक डिलीट क्वेरी मारली की झालं. तर ऐका. एका बाईंनी समजा आमच्याकडून एक टेबललॅम्प घेतला. त्यांचं नाव मुख्य डेटाबेसमध्ये आहे. तिथून रोज रात्री ते रिपोर्टवाल्यांच्या डेटाबेसमध्ये जातं. लॅम्प पोचवणाऱ्या कुरियर कंपनीकडे आहे, जाहिरातीचे ई-मेल पाठवणाऱ्या कंपनीकडे आहे. लॅम्प बिघडला म्हणून त्यांनी फोन केला, तर त्या तक्रारीच्या नोंदीत आहे. सर्व्हरच्या लॉगमध्ये आहे, कारण कोणीतरी कधीतरी बग शोधताना पूर्ण रिक्वेस्ट छापून ठेवली. शिवाय मार्केटिंगमधल्या एखाद्याच्या लॅपटॉपवर 'फायनल_फायनल_२' नावाच्या एक्सेल फाइलमध्ये आहेच आहे. आणि या सगळ्याचे बॅकअप.

बॅकअपची तर वेगळीच गंमत. बॅकअपमधून एकच माणूस वेचून काढता येत नाही. मग करायचं काय, तर ठरावीक दिवसांनी जुने बॅकअप आपोआप मरू द्यायचे, आणि तोपर्यंत पुसलेल्या ग्राहकांच्या नुसत्या क्रमांकांची एक यादी बाजूला ठेवायची. मधेच एखादा बॅकअप परत आणायची वेळ आली, तर यादी बघून त्या सगळ्यांना पुन्हा पुसायचं. म्हणजे विसरायचं कुणाला हे लक्षात ठेवायला आम्ही एक वही ठेवलीय! बरं, लॅम्पचं बिल मात्र पुसता येत नाही. ते करखात्यासाठी ठेवावंच लागतं, पूर्वी दहा वर्षं, २०२५ पासून आठ. मग ते बिल अशा कपाटात टाकायचं की हिशेबनिसाशिवाय कुणाला दिसणार नाही.

हे सगळं करताना मला सारखी पुण्यातली माझी पहिली नोकरी आठवते. नाव नको. सुरक्षा म्हणाल तर अशी कडक की विचारू नका. गेटवर बॅग तपासायचे, यूएसबी बंद, मोबाइलच्या कॅमेऱ्यावर स्टिकर. आणि आत? परदेशी क्लायंटच्या खऱ्या ग्राहकांचा अख्खा डेटाबेस टेस्टिंगसाठी जसाच्या तसा उतरवलेला. नावं, जन्मतारखा, फोन नंबर, सगळं. "खरा डेटा असला की बग लवकर सापडतात," असं आमचा टीम लीड सांगायचा, आणि ते खोटंही नव्हतं. चहाच्या वेळी पोरं त्यात भारतीय आडनावं शोधत बसायची. "अरे हा बघ कुलकर्णी, न्यू जर्सीला राहतो, पन्नाशीचा आहे, हप्ता थकलाय." कुणी काही चोरलं नाही, कुणाचं नुकसान केलं नाही. वाईट माणसं नव्हतीच तिथे. पण त्या कुलकर्ण्यांनी आपली जन्मतारीख कर्जासाठी दिली होती, आमच्या चहाबरोबर खायला नव्हे.

आपण भारतात माहिती जपणे म्हणजे कुलूप असं समजतो. पासवर्ड, ओटीपी, सीसीटीव्ही, गेटवरचा वॉचमन. ही माहिती घेतली कशासाठी, आणि ते काम संपल्यावर ती अजून इथे काय करतेय, हा प्रश्न मात्र कुलपाने सुटत नाही.

मला हा प्रश्न पहिल्यांदा नीट कळला तो २०२२ मध्ये, इथल्या सरकारी कचेरीत. जर्मनीत घर बदललं की दोन आठवड्यांत पत्ता नोंदवावा लागतो. घरमालकाचं पत्र, पासपोर्ट, फॉर्म. त्या फॉर्मवर एक रकाना, धर्म. मी चपापलेच. आपल्याकडे शाळेच्या दाखल्यापासून सीईटीच्या मेरिट लिस्टपर्यंत जात आणि प्रवर्ग सगळीकडे छापलेले बघायची सवय असते. पण इथे, या देशात, हा रकाना? टेबलापलीकडच्या बाईंनी विचारलं, मी "हिंदू" म्हटलं. त्या म्हणाल्या, "मग मला इथे काही लिहायची गरज नाही."

मी नंतर चौकशी केली. कॅथलिक, प्रोटेस्टंट वगैरे काही मान्यताप्राप्त धर्मसंस्थांसाठी सरकार पगारातून चर्चचा कर कापतं, आमच्या हेसेन राज्यात आयकराच्या नऊ टक्के. तेवढ्यापुरतीच ती नोंद. कर नाही, तर नोंद नाही. मी हिंदू आहे हे त्या बाईंनी माझ्यासमोर ऐकलं आणि लिहिलं नाही! कामासाठी लागत नाही म्हणून समोर आलेली माहिती न लिहिणारा सरकारी माणूस मी आयुष्यात पहिल्यांदा पाहिला.

उगाच आरती ओवाळत नाही हं. त्याच नोंदणीनंतर काही दिवसांत रेडिओ-टीव्हीच्या वर्गणीचं पत्र घरी हजर, महिना १८.३६ युरो. माझ्याकडे ना टीव्ही ना रेडिओ, आणि या मंडळींना मी पत्ता कधी दिलाच नव्हता. तो नोंदणी कचेरीनेच कळवला होता, कायद्यानेच. आणि शूफा नावाचं एक प्रकरण आहे, १९२७ पासूनचं, आपल्या सिबिलचा आजोबा म्हणा. तिचा दाखला असल्याशिवाय घरमालक दारात उभं करत नाही, आणि नव्याने आलेल्या माणसाची तिथे पाटी कोरी. कोरी पाटी म्हणजे चांगली नव्हे, संशयास्पद! अडीच महिने मी एका खोलीत काढले ते या कोऱ्या पाटीपायी. असो.

पण न लिहिण्याची सवय या लोकांना का लागली, ते कळायला मला जरा वेळ लागला. मधे आमची शनिवारची शाळा आली.

इथल्या मराठी मंडळातर्फे दर शनिवारी दोन तास मुलांना मराठी शिकवतो आम्ही. माझ्याकडे आठ ते दहा वर्षांची अकरा मुलं आहेत. गेल्या वर्षी प्रवेशाचा फॉर्म भरून घेतला, तर त्यातला एक फॉर्म अर्धवट परत आला. मुलाची आई सांगलीची, बाबा इथलेच, जर्मन. त्यांनी पाच-सहा रकान्यांपुढे पेनाने एकच शब्द लिहिला होता, "वोत्सू?" म्हणजे कशासाठी?

मंडळाच्या बैठकीत हलकल्लोळ. एक ज्येष्ठ काका, फार चांगला माणूस, शाळेसाठी स्वतःचे पैसे घालतात, ते चांगलेच दुखावले. "आपण काय विकणार आहोत का ही माहिती? आपलीच मुलं आहेत ना ही?" मी म्हटलं, "काका, त्यांचा राग नाहीये, प्रश्न आहे. आपण बघू तरी." मग फॉर्म मधोमध ठेवला आणि एकेका रकान्याला तोच प्रश्न विचारत गेलो. ॲलर्जी? हवी, मधल्या सुट्टीत आपण चिक्की देतो. न्यायला येणाऱ्याचा फोन? हवा. आई-वडिलांची कंपनी? ... शांतता. घरचा पूर्ण पत्ता? पूर्वी दिवाळी अंक पोस्टाने पाठवायचो म्हणे. आता पाठवत नाही. व्हिसाचा प्रकार? हा रकाना कुणी घातला हेच कुणाला आठवेना. बऱ्याच वेळाने एक ताई म्हणाल्या, पुढच्या वर्षी किती मुलं टिकतील याचा अंदाज यावा म्हणून कधीतरी घातला होता. विचार करा, चाळीस कुटुंबांचे पत्ते, नोकऱ्या आणि व्हिसाची स्थिती एका गुगल शीटमध्ये, आणि तिची लिंक आजवरच्या सगळ्या समित्यांतल्या सगळ्यांकडे. त्यातले निम्मे तर देश सोडून गेलेत.

काकांना हे पटलं, पण मनातून नाही. त्यांना वाटत राहिलं की हा अविश्वास आहे. मलाही त्यांना नीट उत्तर देता येत नव्हतं. ते दिलं माझ्या वर्गातल्या एका मुलीने.

मी मुलांना 'माझे घर' असे पाच ओळींचे निबंध लिहायला दिले होते. ही बाई सगळं लिहून बसली, खिडकीतून दिसणारं झाडसुद्धा, पण पत्त्याची ओळ कोरी. विचारलं तर म्हणाली, "आईने सांगितलंय, पत्ता कुणाला द्यायचा नाही." मी म्हटलं, "अगं पण मी काय अनोळखी आहे का?" तिने माझ्याकडे जरा दयेनेच पाहिलं. "तू नाही गं ताई. पण वही हरवली तर?"

आठ वर्षांची मुलगी! कंपनीत याच गोष्टीवर आम्ही दोन-दोन दिवसांची ट्रेनिंग करतो आणि शेवटी लोक झोपतात. तिचा माझ्यावर विश्वास होता, प्रश्न वहीचा होता. काका चांगले आहेत, टीम लीड चांगला होता, कचेरीतल्या बाई चांगल्या आहेत. पण वही त्यांच्यापेक्षा जास्त जगते, आणि उद्या कुणाच्या हातात जाईल ते आज लिहिणाऱ्याच्या हातात नसतं.

युरोपातल्या लोकांनी हे पुस्तकात वाचून शिकलेलं नाही. नेदरलँड्समध्ये युद्धाच्या आधीपासून लोकसंख्येची नोंद अतिशय टापटीप होती. प्रत्येक माणसाचं कार्ड, त्यावर नाव, पत्ता, जन्मतारीख आणि धर्म. लिहिणाऱ्या कारकुनांच्या मनात काही पाप नव्हतं. १९४०मध्ये जर्मन सैन्य आलं आणि कार्डं आयती हातात पडली. त्या देशातले सुमारे तीन चतुर्थांश ज्यू मारले गेले. २७ मार्च १९४३च्या रात्री अॅमस्टरडॅममधल्या काही लोकांनी पोलिसांचे गणवेश घालून नोंदणी कचेरीत प्रवेश मिळवला आणि कार्डांना आग लावली. त्यांच्यात विलेम अरोंदेउस हा चित्रकार-लेखक होता. बंबवाल्यांपैकी काहींनी मुद्दाम उशीर केला आणि वाचलेल्या कार्डांवर गरजेपेक्षा जास्त पाणी मारलं. तरी थोडाच भाग नष्ट झाला. १ जुलै १९४३ला बारा जणांना गोळ्या घालण्यात आल्या. मी ज्या कामाचा पगार घेते, त्या कामासाठी!

जगातला पहिला डेटा संरक्षण कायदा १९७०मध्ये याच हेसेन राज्यात झाला, हे मला इथे राहायला आल्यावर कळलं. पुढे १९८३मध्ये सरकारने जनगणना ठरवली तर लोक रस्त्यावर उतरले, आणि १५ डिसेंबर १९८३ला घटना न्यायालयाने निकाल दिला की आपल्या माहितीचं काय होणार हे ठरवायचा हक्क मूळ त्या माणसाचा आहे. शेवटी ती जनगणना झाली १९८७मध्ये. आणि आता? २०१९मध्ये बर्लिनच्या अधिकाऱ्यांनी एका मोठ्या घरभाडे कंपनीला, दॉइच वोनेनला, १ कोटी ४५ लाख युरोंचा दंड ठोठावला. चोरी नाही, गळती नाही. भाडेकरूंचे जुने कागद कधी पुसायची सोयच त्यांच्या सिस्टिममध्ये नव्हती, एवढाच गुन्हा. प्रकरण पुढे कोर्टात गेलं, पार युरोपीय न्यायालयापर्यंत. पण आमच्या ऑफिसात आमच्या चौघांच्या टीमला खुर्च्या मिळाल्या त्यामागे असल्या बातम्यांचा हात नक्की आहे.

हे सगळं मी बाबांना फोनवर मोठ्या उत्साहाने सांगितलं. बाबा निवृत्त शिक्षक, नाशिकला असतात. त्यांनी शांतपणे ऐकलं आणि म्हणाले, "सगळं पुसलं असतं तर कुणबी नोंदी कुठून काढल्या असत्या?"

झालं! २०२३मध्ये मराठा आरक्षणाच्या मागणीवरून शिंदे समिती नेमली गेली आणि गावोगावी जुनी दप्तरं उघडली. मोडीतले कागद, महसुलाची खाती, आणि शाळांची जनरल रजिस्टरं. बाबांच्या जुन्या शाळेतही लोक आले होते. शंभर वर्षांपूर्वी एखाद्या मास्तरने बोरूने लिहिलेला एक शब्द, त्यावर आज पणतवाचा दाखला. आरक्षणाच्या वादात मी शिरत नाही, पण त्या मास्तरने 'गरज नाही' म्हणून रकाना सोडला असता तर?

मला लगेच उत्तर सुचलं नाही. शिवाय बाबांच्या बाजूला जर्मनीतलंच एक उदाहरण आहे, हे त्यांना माहीत नव्हतं (आणि मी सांगितलं नाही). पूर्व जर्मनीची गुप्त पोलीस यंत्रणा, स्टाझी, कोसळली तेव्हा अधिकारी फायली फाडत सुटले होते. १५ जानेवारी १९९०ला लोक बर्लिनच्या मुख्यालयात घुसले ते पुसणं थांबवायला! आज त्या फायली लावल्या तर १११ किलोमीटर भरतात, आणि १९९२पासून ज्याची फाइल त्याला ती वाचता येते. एकाच खंडात पन्नास वर्षांच्या आत काही जण नोंदी जाळायला मेले आणि काही जण त्या वाचवायला धावले.

दोन दिवस डोक्यात हेच होतं. मग मला वाटलं, फरक कोण कुणाला शोधतंय यात आहे. दाखल्यासाठी पणतू स्वतः रजिस्टर शोधत गेला, बर्लिनमध्ये माणूस आपली फाइल मागायला गेला. अॅमस्टरडॅममध्ये कार्ड माणसाला शोधत त्याच्या दारात आलं. तरी बाबांचा प्रश्न पूर्ण सुटत नाही, कारण वही एकच असते आणि तिला दोन्हीकडून उघडता येतं.

आणि बाबांच्याच दारात एक कार्ड येऊन गेलं होतं. गेल्या वर्षी त्यांना फोन आला. "सर, तुमची विमा पॉलिसी मुदत पूर्ण करतेय, बोनस अडकलाय." समोरच्याला पॉलिसी नंबर माहीत, रक्कम माहीत, एजंटचं नाव माहीत, आईचं वारसदार म्हणून लावलेलं नावसुद्धा माहीत. बोनस सोडवायला म्हणून बाबांनी दोन हप्त्यांत ६२ हजार भरले. संशय आल्यावर १९३० नंबरवर तक्रार केली, पोलिसांत गेले. पैसे गेले ते गेलेच. मी चिडून विचारलं, "ओळख ना पाळख, कसा विश्वास ठेवलात?" ते म्हणाले, "त्याला सगळं माहीत होतं गं. मग तो ऑफिसचाच ना?"

यात बाबांचं काय चुकलं सांगा? आपल्याकडे बँक, विमा, मोबाइल कंपनी, सगळे फोनवर तेच करतात. जन्मतारीख सांगा, आईचं नाव सांगा. माहिती असणं हीच ओळख. आणि तीच माहिती गेली तीस वर्षं झेरॉक्सच्या थप्प्यांतून, एजंटांच्या डायऱ्यांतून फिरतेय. मे २०२२मध्ये आधार प्राधिकरणाच्या बंगळुरूच्या कार्यालयाने सूचना काढली होती की आधारची झेरॉक्स कुणालाही देऊ नका, आणि लोक घाबरल्यावर दोन दिवसांत ती मागे घेतली. काय घ्या!

६२ हजारांपेक्षा मला दुसरंच लागलं. बाबा अनोळखी नंबर उचलेनासे झाले. मधे माझा नंबर बदलला तर चार दिवस माझाही फोन उचलला नाही, आईला शेजारच्या काकूंकडून निरोप द्यावा लागला. चाळीस वर्षं ज्या माणसाच्या दारात कुणीही पालक कधीही येऊन बसायचे, तो माणूस फोन वाजला की दचकतो.

भारतातही कायदा झालाय आता. २०१७मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींनी खासगीपणा मूलभूत हक्क ठरवला, २०२३मध्ये संसदेने वैयक्तिक डेटाचा कायदा केला, त्याचे नियम नोव्हेंबर २०२५मध्ये आले. कंपन्यांवरच्या मुख्य जबाबदाऱ्या मात्र त्यानंतर अठरा महिन्यांनी सुरू होणार, म्हणजे मे २०२७. तेव्हापासून माझी कुठली माहिती तुमच्याकडे आहे आणि तुम्ही ती आणखी कुणाला दिलीत, असं ग्राहकाला विचारता येईल. बाबांना मी हे सांगितलं, तर त्यांना भलताच उत्साह आला. मे २०२७ला अवकाश आहे म्हटलं तरी ऐकेनात. दुसऱ्याच दिवशी फुलस्केपवर, समास आखून, त्यांच्या त्या सुंदर अक्षरात अर्ज तयार. 'माननीय शाखाधिकारी साहेब यांसी, विषय : माझी माहिती आपण कोणास दिली याबाबत.' मजकूर इतका नेमका की आमच्या वकिलांना दाखवावा. फोटो काढून मला पाठवला.

फक्त खाली डाव्या कोपऱ्यात लिहिलंय, 'सोबत : आधार कार्डाची झेरॉक्स.' त्यावर आमची अजून चर्चा चालू आहे.